एमिल लमारचा धाकटा भाऊ

हरिभाऊ खांबेटे आणि एमिल लमार यांची पहिली भेट खाडीकाठच्या नाटे गावी झाली. त्या वेळी हरिभाऊ छप्पन्न वर्षांचे होते आणि एमिल लमारला मरून सत्तेचाळीस वर्षं झाली होती. ही अडचण दोघांपैकी कोणीच मनावर घेतली नाही. हरिभाऊंच्या सांगण्याप्रमाणे त्या क्षणी खाडीची भरती जागच्या जागी थबकली, वाळत घातलेल्या सुकटीवर टपलेले कावळे चोच उघडी ठेवून बसले, आणि भिंतीवरून एमिल लमारनं त्यांच्याकडे असं पाहिलं की त्यांच्या हातातली मोजणीची साखळी गळून पडली. पहिल्या वर्षी हरिभाऊ नुसती साखळी पडल्याचं सांगत. दुसऱ्या वर्षी एमिलच्या मिशा हलल्या. ज्या वर्षी हरिभाऊ निवृत्त झाले त्या वर्षापर्यंत एमिल फोटोतून अर्धं पाऊल पुढे आला होता. त्यांच्या पत्नी मालिनीबाईंनी तेव्हा एवढंच विचारलं, की तो पुरता बाहेर यायच्या आत चहाचं आधण ठेवू का.

साखळीचं म्हणाल तर ती मोजणीदाराच्या हातात होती. हरिभाऊंच्या हातात चहाची बशी होती.

हरिभाऊ रत्नागिरीला जमीन मोजणीच्या खात्यात निमतानदार होते. मोजणीदारानं केलेली मोजणी बरोबर आहे की नाही हे पुन्हा मोजून पाहणारा तो निमतानदार. दुसऱ्याच्या कामात चूक आहे असं गृहीत धरून घरातून निघायचं, आणि ती सापडली नाही तर खट्टू होऊन परत यायचं, अशी ही नोकरी. १९९८च्या मे महिन्यात ते नाट्याला हरिश्चंद्र आडिवरेकरांच्या कुंपणाची हद्द तपासायला गेले होते. आडिवरेकर बोटीवर सारंग म्हणून तीस वर्षं काढून घरी परतलेले. त्यांच्या ओटीवरच्या भिंतीवर देवी, मग त्यांचे वडील, मग चुलते, आणि चुलत्यांच्या शेजारी अर्ध्या विजारीतले अकरा मिशीवाले गोरे होते. सगळ्यांना सारखाच झेंडूचा हार होता, दसऱ्यापासून वाळलेला.

“हे कोण?” हरिभाऊंनी विचारलं.

“काय म्हायत नाय,” आडिवरेकर म्हणाले. “फ्रान्साक एका बंदरात जुन्या बाजारात काचेचो सेट घेतलेलो. दुकानदारान ह्या कागदात गुंडाळून दिल्यान. सेट वाटेतच फुटलो. कागद शाबूत इलो. म्हटलंय, निदान ह्यो तरी भिंतीक लावूया.”

“आणि हार?”

“मिशीवालो माणूस भिंतीवर असलो की हार घालूचो,” आतून यमुनाबाईंचा, त्यांच्या बायकोचा, आवाज आला. “कोणाचो तरी बापूस असतलोच.”

हरिभाऊ खुर्चीवर चढले. फोटोखाली बारीक अक्षरांत नावं होती, गावाचं नाव होतं पोर-सँ-ल्यूक, आणि साल होतं १९०५. अकरा जणांपैकी एकाच्या हातात चेंडू होता. दोघं आडवे पहुडले होते, जसे गोल करणारे लोक पहुडतात. आणि अगदी कडेला, निम्मा खांदा चौकटीबाहेर गेलेला, हात छातीवर घट्ट बांधलेला एक आडव्या हाडाचा माणूस होता. त्याच्याकडे छायाचित्रकारानंसुद्धा नीट पाहिलं नव्हतं.

“हा बॅक आहे,” हरिभाऊ खुर्चीवरूनच म्हणाले.

आडिवरेकरांना वाटलं, हद्दीबद्दल काही निघालं. ते घाबरले.

हरिभाऊ स्वतः बॅक होते. कॉलेजच्या फुटबॉल संघात तीन वर्षं ते लेफ्ट बॅकला, म्हणजे गोलापुढे चेंडू अडवायला, खेळले, सड्यावरच्या मैदानात, अनवाणी. रत्नागिरीचा सडा म्हणजे सगळा जांभा दगड. त्यावर घसरलेला माणूस उठतो तेव्हा गुडघ्याची कातडी तिथंच राहते. गोल करणाऱ्याला लोक खांद्यावर घेतात. गोलकीपरला निदान शिव्या तरी मिळतात. बॅकनं तासभर पन्नास चेंडू परतवले तरी एकावन्नाव्या चेंडूनंतरच त्याचं नाव घेतलं जातं, हे दुःख हरिभाऊ गेली पस्तीस वर्षं बाळगून होते. खांबेट्यांचा कुलवृत्तांत निघाला तेव्हा घरोघर छापील तक्ते पाठवून माहिती गोळा करायचं काम हरिभाऊंनीच केलं. पण त्यांच्या स्वतःच्या नोंदीतून ‘फुटबॉल, लेफ्ट बॅक’ एवढे तीन शब्द संपादक मंडळानं जागेअभावी उडवले. ज्यानं दोन वेळा काशी केली त्या चुलतआजोबांच्या दोन्ही काश्या मात्र ठेवल्या.

हरिभाऊंनी फुटबॉल का सोडला, याची हकीगत सगळ्या गल्लीला पाठ होती. धाकटा भाऊ भार्गव चांगला खेळायला लागला, त्यालाही लेफ्ट बॅकलाच खेळायचं होतं, तेव्हा मोठ्या भावानं आपण होऊन जागा सोडली. “जागा धरून ठेवणं सगळ्यांना जमतं. सोडणं जमलं पाहिजे,” असं हरिभाऊ म्हणत. भार्गवराव नाचणे गावाच्या रस्त्याला आपली आंब्याची कलमं सांभाळत असत. दादानं हे सांगायला घेतलं की ते नेहमी चपला घालायला लागत.

जूनमध्ये जागतिक फुटबॉल स्पर्धा सुरू झाली, तीही नेमकी फ्रान्समध्येच. हरिभाऊंना यात योगायोग दिसेना. त्यांना वाटलं एमिलनं बोलावणं पाठवलं आहे. संध्याकाळचे सामने ते शेजारच्या दवाखान्याच्या डॉक्टरांकडे पाहायला जात. खोलीतले सगळे चेंडूकडे बघत, हरिभाऊ चेंडू नसेल तिकडे बघत. गोल झाला की लोक ओरडत आणि हरिभाऊ हळहळत, मग तो कोणाचाही असो. कोणा बॅकनं चेंडू उचलून प्रेक्षकांत भिरकावला की हरिभाऊ एकटेच टाळ्या वाजवत. मध्येच वीज गेली की पुढचा खेळ कसा झाला असेल ते अंधारात सांगत. त्यांच्या सांगण्यात कोणी गोल करत नसे. फ्रान्स जिंकल्याचं सकाळी कळलं तेव्हा त्यांनी कचेरीत पेढे वाटले. साहेबांनी विचारलं, मुलीचं जमलं वाटतं. हरिभाऊ म्हणाले, नाही, आमचे बॅक चांगले खेळले.

त्याच आठवड्यात त्यांनी ठरवलं, की एमिल लमारचं चरित्र लिहायचं. मराठीत बॅकचं एक तरी चरित्र हवं.

चरित्र लिहायची एकच रीत त्यांना ठाऊक होती, ती म्हणजे तक्ता पाठवणं. कुलवृत्तांताचे उरलेले तक्ते माळ्यावर होतेच. त्यातला एक त्यांनी मुलीला, नीरजाला, पुण्याला पाठवला. ती तिथं फ्रेंच शिकत होती.

“बाबा, यात गोत्र आहे,” तिनं फोनवर सांगितलं.

“असू दे.”

“फ्रेंचमध्ये गोत्र काय लिहू?”

“ऋषीचं नाव, असल्यास, असं लिही. रकाना मोकळा सोडू नकोस, वाईट दिसतं.”

तक्ता पोर-सँ-ल्यूकच्या नगरपालिकेला गेला. रत्नागिरीहून एका मेलेल्या बॅकबद्दल अठरा प्रश्न आलेले पाहून तिथल्या कारकुनावर काय परिणाम झाला हे कळायला मार्ग नाही, पण तो माणूस सरकारी शिस्तीचा असावा, कारण सात महिन्यांनी उत्तर आलं. बहुतेक रकान्यांत आडवी रेघ होती. ऋषीच्या रकान्यात ‘आमच्या दप्तरी नोंद नाही’ असं होतं. मात्र सोबत क्लबाच्या जुन्या रजिस्टरातल्या दोन ओळींची नक्कल होती. पहिली ओळ: लमार, एमिल ऑग्युस्त, बॅक, १९०३ ते १९०६, देशाच्या संघातून एक सामना. दुसरी ओळ: लमार, लुई ऑग्युस्त, बॅक, १९०७ ते १९०९.

हरिभाऊंनी त्या दोन ओळी पाहिल्या आणि त्यांना सगळं स्वच्छ दिसलं. एमिल ऑग्युस्त लमार. लुई ऑग्युस्त लमार. स्वतःचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव. जसं हरिहर गोविंद खांबेटे. जसं भार्गव गोविंद खांबेटे. ऑग्युस्तरावांची दोन मुलं, थोरला एमिल आणि धाकटा लुई. थोरला तीन-चार वर्षं खेळतो, देशाच्या संघात जातो, ऐन उमेदीत एकाएकी नाहीसा होतो, आणि पुढच्याच वर्षी त्याच संघात, त्याच जागेवर, धाकटा उभा.

“अहो, चहा,” मालिनीबाई दुसऱ्यांदा म्हणाल्या.

“त्यानं जागा सोडली,” हरिभाऊ म्हणाले.

“कोणी?”

“एमिलनं. भावासाठी.”

मालिनीबाईंनी नवऱ्याच्या चेहऱ्याकडे पाहिलं आणि चहा परत गरम करायला नेला.

चरित्र लिहायला अडीच वर्षं लागली. मधे हरिभाऊ निवृत्त झाले, त्यामुळे वेगात फरक पडला नाही, कारण कचेरीतही ते तेच लिहीत होते. जन्म, बंदर, क्लबाची स्थापना, बॅकच्या जागेचं महत्त्व वगैरे अकरा पानांत उरकलं. मग दोन भावांचं प्रकरण आलं आणि हरिभाऊंची लेखणी सुटली. ते एकच प्रकरण तेहतीस पानांचं झालं. त्यात ऑग्युस्तराव होते, करारी पण आतून मऊ. शेवटच्या सामन्यानंतर धक्क्यावर बसलेला एमिल होता. त्यानं आपले बूट भावाच्या उशाशी ठेवले, आणि पुढे प्रत्येक सामना मैदानाबाहेरच्या झाडाआडून पाहिला. या झाडाला पुरावा नव्हता. पण बंदराच्या गावात एखादं झाड असणारच, असं हरिभाऊंचं म्हणणं होतं.

हे प्रकरण त्यांनी डॉक्टरांना वाचून दाखवलं. डॉक्टरांनी चष्मा काढून पुसला. पोस्टातल्या बाईंनी ऐकलं, त्यांनी डोळ्यांना पदर लावला. बातमी वाचनालयापर्यंत गेली. गावातल्या या वाचनालयात दर जानेवारीला एक व्याख्यान होई आणि मग त्याची पुस्तिका निघे. आजवर आंब्यावरचा तुडतुडा, टिळकांचं बालपण आणि पुन्हा तुडतुडा असे विषय झाले होते. अध्यक्षांनी २००२ सालासाठी हरिभाऊंना विचारलं. हरिभाऊंनी विचार करायला एक दिवस मागितला आणि तासाभरात होकार कळवला.

आता त्यांना जगाकडून दुसरं काही नको होतं. एका बॅकचं चरित्र छापलं जाईल, आणि जागा सोडणारा माणूस केवढा मोठा असतो हे छापील अक्षरांत राहील. एमिल लमारच्या बाबतीत. इतर कोणाला त्यातून काही समजायचं असेल तर तो त्यांचा प्रश्न.

निमतानदाराची सवय मात्र नडली. पुस्तिका छापायची तर दाखला पक्का हवा, म्हणून त्यांनी नगरपालिकेला आणखी एक तक्ता पाठवून ठेवला होता: दोन्ही भावांच्या जन्माच्या नोंदी मिळाव्यात. त्याचं उत्तर व्याख्यानाच्या दोन दिवस आधी, गुरुवारी दुपारी आलं.

हरिभाऊंनी नीरजाला फोन लावला आणि पत्र अक्षर-अक्षर करून वाचून दाखवलं. काही अक्षरांच्या डोक्यावर तिरकी काठी होती, काहींच्या डोक्यावर छत्री. तीही त्यांनी इमानानं सांगितली. पाऊण तास गेला. मग नीरजानं नावाची ओळ पुन्हा एकदा वाचायला लावली.

“बाबा, माणूस एकच आहे.”

“कोण एकच?”

“एमिल आणि लुई. पूर्ण नाव लुई एमिल ऑग्युस्त लमार. क्लबात सुरुवातीला त्यानं एमिल सांगितलं असेल. पुढे दोन क्लब एक झाले, नव्या सेक्रेटरीनं जन्माच्या दाखल्यावरचं पहिलं नाव उतरवलं, लुई. असं ते लिहितायत.”

“आणि ऑग्युस्त?”

“तेही त्याचंच. मधलं नाव वडिलांचं नसतं त्यांच्यात. वडील जाँ. दोर वळायचे.”

“एका माणसाला तीन नावं कशाला?”

“असतात.”

“मग बापाचं नाव कुठं लिहितात?”

“लिहीत नाहीत, बाबा.”

एक अख्खा देश बापाचं नाव न लावता जगभर हिंडतो, हे पचायला हरिभाऊंना थोडा वेळ लागला.

“आणखी काय लिहिलंय?”

“एकुलता एक मुलगा. १९०९ साली एका सामन्यात त्यांच्यावर नऊ गोल झाले, त्यानंतर संघातून वगळलं. मग जकात नाक्यावर एकतीस वर्षं नोकरी. लग्न नाही.” मग नीरजा म्हणाली, “तुम्ही मला चरित्र पाठवायला हवं होतंत. मी नुसते तक्तेच बघत राहिले.”

फोन ठेवल्यावर मालिनीबाईंनी काही विचारलं नाही. त्यांनी सगळं ऐकलं होतं. हरिभाऊ ट्रंक कॉलच्या दिवसांतल्या आवाजात बोलत. जेवणं झाल्यावर मात्र त्या म्हणाल्या, “मग परवा काय वाचणार?”

“लिहिलंय ते.”

“आणि पत्र?”

“पत्र फ्रेंचमध्ये आहे.”

“मला तर मराठीतच ऐकू आलं.”

हरिभाऊ सुपारी कातरत राहिले.

“त्या मोजणीदारांना एक वीत चुकली तर सबंध शेत परत मोजायला लावायचात,” मालिनीबाई म्हणाल्या. “एकदा वैशाखात. एकाला घेरी आली होती.”

“ती जमीन होती.”

“बरं,” म्हणून त्या आत गेल्या.

शनिवारी सहाला वाचनालयाची खोली भरली. तुडतुड्याला कधीच एवढे लोक आले नव्हते. दोन भावांचं प्रकरण ऐकून रडायचं, अशा तयारीनं माणसं आली होती. पोस्टातल्या बाईंनी तर बहिणीलाही आणलं होतं. पहिल्या रांगेत इस्त्रीच्या शर्टात भार्गवराव बसले होते, हात गुडघ्यांवर ठेवून. त्यांना चरित्रातलं काही ठाऊक नव्हतं. दादाचं व्याख्यान आहे म्हणून ते कलमांची फवारणी सोडून आले होते.

हरिभाऊंनी वाचायला सुरुवात केली. बंदर झालं. क्लबाची स्थापना झाली. बॅकच्या जागेच्या महत्त्वाला मागच्या रांगेत दोन जण डुलकी घेऊन आले. अकरावं पान संपलं. हरिभाऊंनी पान उलटलं, पाणी प्यायले, भार्गवरावांकडे पाहिलं आणि पान परत मिटलं.

“पुढचं प्रकरण वाचत नाही,” ते म्हणाले. “ते चुकलेलं आहे. लमार दोन नव्हते. एकच होता. त्याला धाकटा भाऊ नव्हता.”

खोलीत चुळबुळ झाली. एखाद्या घरी जेवायला बोलावून पानं वाढायच्या आत उठवावं, तसे लोकांचे चेहरे झाले.

“म्हणजे लुई वारला?” पोस्टातल्या बाईंनी विचारलं.

“लुई नव्हताच.”

“आणि ते बूट?” डॉक्टर म्हणाले.

“बूट मी घातले. म्हणजे, लिहिताना घातले.”

“मग जागा कोणी कोणाला दिली?” मागून कोणीतरी विचारलं. आवाजात तक्रार होती.

“कोणी कोणाला दिली नाही. नऊ गोल झाले आणि त्याला संघातून काढलं.” हरिभाऊंनी कागदांच्या कडा जुळवल्या. त्या आधीच जुळलेल्या होत्या. “मलाही काढलंच होतं. खेडला, जगबुडी नदीच्या काठच्या मैदानात. मी आमच्याच गोलात चेंडू मारला. दोनदा. दुसऱ्या दिवशी खेळाच्या मास्तरांनी माझ्या जागी भार्गवला घेतलं. मी जागा सोडली नाही. मी हे बरीच वर्षं वेगळं सांगत आलो.”

यावर टाळ्या वाजवायच्या की नाही हे कोणालाच समजेना. अध्यक्षांनी आभार मानताना ‘उद्बोधक’ हा शब्द तीनदा वापरला आणि चहाची व्यवस्था मागच्या पडवीत असल्याचं सांगितलं.

पडवीत भार्गवराव कप घेऊन भावाच्या शेजारी येऊन उभे राहिले.

“दुसरा गोल तसा तुझा नव्हता,” ते म्हणाले. “कीपर पुढे आला होता.”

“पण लागला माझ्याच पायाला.”

“लागला खरा.”

थोडा वेळ दोघं चहा फुंकत राहिले.

“तुला ठाऊक होतं तर बोलला का नाहीस?” हरिभाऊंनी विचारलं.

“मी मैदानाच्या कडेलाच उभा होतो की रे दादा. मला वाटलं, तुलाच खरंच तसं आठवतंय. आता म्हाताऱ्या माणसाचं कशाला मोडा.”

“तेव्हा मी म्हातारा नव्हतो.”

“सांगायला लागलास तेव्हा नव्हतास,” भार्गवराव म्हणाले. “हळूहळू झालास.”

मालिनीबाई दोन बिस्किटं घेऊन आल्या. एक त्यांनी दिराला दिलं आणि एक स्वतः खाल्लं.

पुढच्या महिन्यात हरिभाऊंनी हस्तलिखितातून दोन भावांचं प्रकरण काढून टाकलं, जकात नाक्याबद्दल चार ओळी घातल्या आणि बाड वाचनालयात नेऊन दिलं. अध्यक्षांनी पानं मोजली. अकरा भरली. वाचनालयाची पुस्तिका किमान बत्तीस पानांची असावी लागते, त्याखाली मधली पिन बसत नाही. त्या वर्षी पुस्तिका निघाली नाही.